वाचून कायम केले

१ सप्टेंबर २०२५, सोमवार. पहाटे ५.१०

आजपासून इतिहास.

आमच्या कृष्णा-वारणा बहुभाषिक लेखक संघाला येत्या १५ डिसेंबरला चाळीस वर्षं पूर्ण होतात. मराठी, कन्नड, हिंदी, उर्दू अशा चारही भाषांत लिहिणारे लोक एका हॉलमध्ये बसवणारी सांगली-साताऱ्यात दुसरी संस्था नाही. संघाचा इतिहास छापायचं ठरलं आहे. संस्थापक आणि विद्यमान अध्यक्ष या नात्याने तो मीच लिहिणार, हे कुणी बोलून दाखवायची गरज नव्हती, आणि कुणी बोललंही नाही.

हिशेब सोपा आहे. रोज दहा पानं. शंभर दिवस. हजार पानं. त्यातली दोनशे मी स्वतःच कापेन, कारण मला पाल्हाळ आवडत नाही.

दुसरा संकल्प : कन्नड शिकणे. 'तीस दिवसांत कन्नड' हे पुस्तक १९९१ पासून घरात आहे. बहुभाषिक संघाच्या अध्यक्षाला चारही भाषा यायला हव्यात असं माझं मत मी पहिल्यापासून मांडत आलो आहे. मराठी, हिंदी येतात. उर्दू येतेच, फक्त लिपी येत नाही. राहिली कन्नड. ३० सप्टेंबरला संपेल.

१ सप्टेंबर. सकाळी ९.४०

टेबलावरच डोळा लागला. माया (पत्नी) म्हणाली, इतिहास झोपला वाटतं. या घरात साहित्याला किंमत नाही.

६ सप्टेंबर, शनिवार

पानं : शून्य. कारण मी नाही. आमच्या सांगलीच्या विश्रामबागेत आज दिवसभर विसर्जनाच्या मिरवणुका. स्पीकरसमोर खुद्द व्यासांनाही महाभारत सुचलं नसतं. मंडळाच्या अध्यक्षाला जाऊन सुनावलं. तो म्हणाला, काका, तुमीपण अध्यक्ष हाय ना कशाचे तरी, समजून घ्या की. 'कशाचे तरी'!

कन्नड : पहिला दिवस. पाच अक्षरं. सगळी जिलेबीसारखी दिसतात.

१४ सप्टेंबर, रविवार. रात्री ८

मासिक सभा. चारची सभा. मी तीनला पोचलो. नेहमीप्रमाणे हॉलमध्ये चिटपाखरू नाही. नेहमीप्रमाणे अडगळीच्या खोलीतून तीस लोखंडी खुर्च्या मीच काढल्या, पुसल्या, मांडल्या. वय एकाहत्तर. चाळीस वर्षं अध्यक्षाने खुर्च्या मांडायच्या आणि सदस्यांनी येऊन बसायचं, हे जगात फक्त आमच्याच संस्थेत चालतं. एकाला लाज नाही.

पुढे त्याहून संताप.

आमच्याकडे एक चांगला रिवाज आहे. इतिवृत्त पाळीने लिहायचं. एका सभेचं मराठीत, पुढच्या सभेचं कन्नडमध्ये, मग हिंदीत, मग उर्दूत. ज्याने लिहिलं त्याने पुढच्या सभेत ते त्याच भाषेत मोठ्याने वाचायचं. भाषांतर करायचं नाही, कारण कुठलीच भाषा दुसरीची नोकर नाही. मग अध्यक्ष म्हणतात, "कायम", आणि सही करतात. मी हे एकोणतीस वर्षं करतोय. मान हलवायची कुठे, हसायचं कुठे, हे सवयीने कळतं. भाषा आलीच पाहिजे असं नाही.

आज मागच्या सभेचं इतिवृत्त कन्नडमध्ये होतं. बिरदेव होनमाने यांनी वाचलं. जत तालुक्यातल्या कन्नड शाळेतले निवृत्त गुरुजी, कवी, पहिल्यापासूनचे सदस्य. मी मान हलवली, "कायम" म्हटलं, सही केली. आणि मग इतिहासाच्या माझ्या हजार पानांची योजना सांगायला उठलो. तर शिवांजली म्हणते, "सर, इतिहास लिहायचं काम माझ्याकडे दिलंय ना. मागच्या सभेत ठरलं. आत्ताच तर तुम्ही कायम केलंत."

मागच्या सभेतून मी बीपीच्या गोळीसाठी लवकर निघालो होतो. पाठ वळली की हे धंदे.

शिवांजली म्हणजे कॉलेजात भाषा शिकवणारी, वय तीसच्या आत. आई अथणीची, म्हणून कन्नड येते. मी मोठ्या मनाने म्हटलं, ठीक आहे, टायपिंग तू कर.

२२ सप्टेंबर, सोमवार. दुपारी १२

हद्द झाली. हद्द झाली. हद्द झाली.

शिवांजलीने मसुदा व्हॉट्सअपवर पाठवला. पान एक : "संस्थापक : सुभेदार तानाजी फडतरे (हिंदी), बिरदेव होनमाने (कन्नड), दस्तगीर मुजावर (उर्दू)."

बस. तीन नावं. संपलं.

मला वाटलं माझं नाव वर ठळक अक्षरांत असेल, मोबाईलवर दिसत नसेल. चष्मा पुसला. मुखपृष्ठ पाहिलं. मलपृष्ठ पाहिलं. शेवटी पान एक्केचाळीसवर सापडलो. "इतर सदस्य", अक्षरवार. 'लतिका' आणि 'वनिता' यांच्या मधे 'लालासाहेब खराडे'.

मायाला दाखवलं. ती म्हणाली, चांगल्या बायकांत बसवलंय की.

जेवलो नाही.

२२ सप्टेंबर. सायंकाळी ६

भूक लागली म्हणून जेवलो. त्यानंतर सगळ्या सदस्यांना सात पानी पत्र लिहिलं. लेटरहेडवर, ज्यावर 'संस्थापक अध्यक्ष' हे शब्द २००३ पासून छापलेले आहेत आणि ज्याला आजवर कुणी हरकत घेतलेली नाही. भाषा जळजळीत, पण संस्कार सोडले नाहीत. प्रत्येक पत्राखाली स्वतंत्र मजकूर स्वहस्ते. दस्तगीर सरांना ईदच्या मागाहून शुभेच्छा. बिरदेव गुरुजींना "सौ. वहिनींना सप्रेम नमस्कार, त्यांच्या हातची बाजरीची भाकरी विसरलो नाही." माणसं अशी जोडावी लागतात. शिवांजलीच्या पिढीला हे कळणार नाही.

२८ सप्टेंबर, रविवार

उत्तरं : एक. बिरदेव गुरुजींचा फोन. पत्र मिळालं म्हणाले. बराच वेळ काही बोलले नाहीत, मला वाटलं लाईन गेली. मग म्हणाले, "आवं सायेब, चाळीस वर्सांचं जुनं हाय ते. कशाला उकरायचं? ऱ्हाऊ द्या की."

जुनं आहे म्हणूनच तर त्याला इतिहास म्हणतात! मी त्यांना सगळं सांगितलं. १५ डिसेंबर १९८५. सांगलीतल्या एका शाळेचे दोन वर्ग. एका वर्गात आमच्या पाटबंधारे खात्याच्या कार्यकारी अभियंत्याचा निरोप समारंभ. मी तिथला तरुण आरेखक. शेजारच्या वर्गात मोजकी माणसं भाषांबद्दल बोलत होती. मी साहेबांचा निरोप, हार, बटाटेवडे सगळं सोडून साहित्याच्या हाकेला धावलो. उभा राहिलो आणि वीस मिनिटं बोललो. संघ तिथे जन्मला. त्या सभेचं इतिवृत्त कन्नडमध्ये आहे. त्यात माझं नाव आहे, दोनदा आहे, हे मला तेव्हाच सांगण्यात आलं होतं.

"हाय की," गुरुजी म्हणाले. "नाव हाय."

मग झालं तर! फोन ठेवला आणि मिठी मारावीशी वाटली, पण कुणाला ते कळेना.

कन्नड : पुन्हा पहिला दिवस. मधे खंड पडला की पाया कच्चा राहतो.

५ ऑक्टोबर, रविवार. वाईहून परतताना, साताऱ्याच्या स्टँडवर

साक्षीदार हवा म्हणून वाईला गेलो. सुभेदार तानाजी फडतरे. वय शहाऐंशी. फौजेत असताना हिंदीत कविता लिहायला लागले, आता घाटाजवळ मुलाकडे असतात. सकाळी सहाची एसटी, सातारला बदल, कंबरेचे बारा वाजले.

सुभेदार ओसरीवर स्वेटर घालून बसले होते. ओळखलं लगेच. मी म्हटलं, सुभेदारसाहेब, पहिली सभा आठवते का, मी कसा आलो, काय केलं, ते दोन ओळींत लिहून द्या, सही करा. त्यांनी डोळे मिटले. मग म्हणाले, "आठवतंय की गड्या. तू न्हवं का खुर्च्या न्यायला आलतास? तुमच्या सायबाचा निरोप व्हता शेजारी, खुर्च्या कमी पडल्या. दारात हुबा ऱ्हाऊन म्हनलास, हितं धा-अकराच मानसं आन तीस खुर्च्या कशाला अडवल्यात? आन मग लय बोललास. लय."

मी म्हटलं, तुम्ही दुसऱ्या कुणाशी गल्लत करताय. ते म्हणाले, "गल्लत कशी हुईल रं? तवापास्नं खुर्च्या तूच मांडतोयस की."

वयोमान. वाईट वाटलं. एके काळी काय स्मरणशक्ती होती या माणसाची. सही घेतली नाही.

सुनेने चहा चांगला दिला.

१२ ऑक्टोबर, रविवार. रात्री ८

विजय!

सभा. (तीनला पोचलो. खुर्च्या मीच.) इतिहासाचा विषय निघताच मी उभा राहिलो आणि बॉम्ब टाकला. ठराव : संघाची आजवरची सगळी कन्नड इतिवृत्तं मराठीत आणावीत आणि इतिहासात छापावीत, एक शब्दही न गाळता. पहिल्यापासून शेवटपर्यंत.

शिवांजलीने बिरदेव गुरुजींकडे पाहिलं. गुरुजींनी दस्तगीर सरांकडे. दस्तगीर मुजावर म्हणजे मिरजेचे, उर्दू गझल लिहितात, आवाज कधी चढवत नाहीत. ते म्हणाले, "साहेब, भाषांतर न करण्याचा आपलाच रिवाज आहे. तोच पाळू या." मी टेबलावर हात आपटला. हा रिवाज आता सत्याच्या आड येतोय! तुम्ही काय लपवताय? इतकी वर्षं मी ज्या कागदांवर सह्या केल्या ते उजेडात यायला तुम्ही घाबरता का?

"आमी कुठं घाबरतोय," बिरदेव गुरुजी हळूच म्हणाले.

मग कुणीच विरोध केला नाही. ठराव मंजूर. तोंडं पाहण्यासारखी होती. आता कळेल.

खरं तर मराठी-हिंदी इतिवृत्तांत माझं कौतुक आहेच. "अध्यक्षांनी समयोचित मार्गदर्शन केले", "अध्यक्षांचे भाषण विस्तृत झाले". कन्नडमध्ये त्याहून जास्त असणार, कारण ते लोक मुळात दिलदार. आणि मी कन्नडचा मान कधी कमी केला नाही. २०१९च्या संमेलनात बिरदेव गुरुजींनी कविता वाचली तेव्हा अध्यक्षीय समारोपात मी तिला मुद्दाम 'खुसखुशीत' म्हटलं होतं. सगळा हॉल स्तब्ध झाला. इतकी दाद कन्नड कवितेला मराठी माणसाकडून मिळेल असं कुणाला वाटलं नव्हतं.

कन्नड : दिवस दुसरा.

२१ ऑक्टोबर, मंगळवार. लक्ष्मीपूजन

शिवांजलीकडून भाषांतर नाही. दिवाळीच्या शुभेच्छा आल्या, पणतीचं चित्र. मी उत्तर पाठवलं : "पणती नको. १९८५ पाठव." निळी खूण झाली. उत्तर नाही.

माया म्हणाली, आज तरी कुणावर चिडू नका. मी चिडलो नाही. मी फक्त पंधरा दिवसांत भाषांतर न मिळाल्यास हॉलच्या पायरीवर उपोषणाला बसण्याची नोटीस लिहिली. लिहिताना दोन चकल्या खाल्ल्या.

२ नोव्हेंबर, रविवार. सकाळी ११

आलं. १५ डिसेंबर १९८५. पूर्ण उतरवून घेतो, म्हणजे पुढे पुरावा राहील.

"आज अकरा जण जमले. चार भाषांत लिहिणाऱ्यांचा एक संघ असावा असे सुभेदार फडतरे यांनी मांडले व सर्वांनी मान्य केले. त्यानंतर शेजारच्या कार्यक्रमातून खुर्च्या मागण्यासाठी श्री. लालासाहेब खराडे नावाचे गृहस्थ आले. एवढ्या भाषांची गरज काय, मराठी सर्वांना समजते, असे त्यांनी वीस मिनिटे सांगितले. त्यांना चहा दिला. तोवर शेजारचा कार्यक्रम संपला होता. श्री. खराडे यांनी सभेनंतर खुर्च्या जागेवर ठेवण्यास मदत केली, त्याबद्दल त्यांचे आभार मानले."

नाव दोनदा आहे. तेवढं खरं निघालं.

साफ खोटं! बनावट! भाषांतरात खोडी आहे. सोबत आलेली मूळ पानाची झेरॉक्स घेऊन लगेच कोपऱ्यावरच्या औषधवाल्याकडे गेलो. तो विजापूरचा. त्याने बोट ठेवून वाचलं. चहापर्यंत आला आणि हसू दाबायला लागला. दुकानात आणखी दोन गिऱ्हाइकं होती. मी कफ सिरप घेऊन आलो, खोकला नसताना.

माया इतकी हसली की तिला पाणी द्यावं लागलं. लग्नाला शेहेचाळीस वर्षं झाली, निरोपाच्या खुर्च्यांचं तिला तेव्हाच सांगितलं होतं म्हणे. सांगितलंही असेल. त्या वेळी मी लहानसहान गोष्टी सांगायचो.

२ नोव्हेंबर. सायंकाळी ५

शांतपणे विचार केला. संस्थापक म्हणजे काय? पहिल्या दिवशी विरोध करणारा माणूस नसेल तर संस्थेला धार येत नाही. त्या अर्थाने मीच. पण हे शिवांजलीला समजावण्यात अर्थ नाही. तेव्हा संस्थापकपद मी उदार मनाने सोडतो. अध्यक्षपद कुणाच्या बापाला काढून घेता येणार नाही. ते १९९६ पासून सलग आहे.

९ नोव्हेंबर, रविवार. रात्री ८

सभा. आता फक्त एकच मागणी केली. १४ ऑगस्ट २०११ची सभा छापा. तीही कन्नडमध्ये. ती माझ्या कारकिर्दीतली सर्वोत्तम सभा. मी सव्वा तास बोललो होतो, विषय 'सहिष्णुता'. बिरदेव गुरुजींची कविता वेळेअभावी चौथ्या मिनिटाला थांबवावी लागली, पण त्यांनी मनाला लावून घेतलं नाही. आणि पुढच्या सभेत तिचं इतिवृत्त गुरुजींनी वाचलं तेव्हा सगळा हॉल हसत होता. मीही हसलो होतो. अशी खेळीमेळीची सभा पुन्हा झाली नाही.

शिवांजली म्हणाली, सर, ते राहू दे, मी विनंती करते. डोळ्यांत पाणी होतं तिच्या. हरल्यावर मुली रडतात. मी म्हटलं, छापायचंच.

१६ नोव्हेंबर, रविवार. सकाळी १०.३०

दस्तगीर सर घरी आले होते. मिरजेहून, फोन न करता. मायाने पोहे केले. त्यांनी खिशातून घडी केलेला कागद काढला आणि म्हणाले, "साहेब, शिवांजलीनं मराठीत आणलंय. छापण्याआधी मी वाचून दाखवतो. चालेल?"

मी म्हटलं, मोठ्याने वाचा, मायालाही ऐकू दे.

त्यांनी वाचलं.

"श्री. खराडे निघून गेल्यानंतर सभा पुढे चालू राहिली. श्री. खराडे यांना आजपासून अध्यक्षपदावरून मुक्त करावे व अध्यक्षपद दरवर्षी भाषेच्या पाळीने असावे, असा ठराव एकमताने मंजूर झाला. हे त्यांना कोणी सांगावे यावर चर्चा झाली. मी (होनमाने) म्हटले, माझ्याने होणार नाही. सुभेदार म्हणाले, दोन लढाया पाहिल्या, पण हे माझ्याकडून होणार नाही. श्री. मुजावर म्हणाले, ते एक तास आधी येऊन खुर्च्या मांडतात, त्यांना काय सांगायचे. शेवटी असे ठरले की, पुढील सभेत हे इतिवृत्त रिवाजाप्रमाणे वाचावे. त्यांना समजले तर समजले."

खाली ओळ : "मागील सभेचे इतिवृत्त वाचून कायम केले." त्याखाली माझी सही. लफ्फेदार. तारखेसह.

मी विचारलं, मग चौदा वर्षं अध्यक्ष कोण?

"कागदावर पाळीनं. खुर्चीवर तुम्ही," ते म्हणाले. "यंदा मी आहे."

तरीच. माझ्या सहीखाली दरवेळी आणखी एक सही असायची. मला वाटायचं साक्षीदार.

मी ओरडलो. काय ओरडलो ते लिहीत नाही. विश्वासघात, हा शब्द बऱ्याच वेळा आला. पाठीमागून वार केलात म्हटलं. ते ऐकून घेत होते. मग म्हणाले, "साहेब, पाठीमागून नाही. तुमच्यासमोर बसून वाचलं. तुम्ही विचारलं असतं, काय लिहिलंय, तर तिथंच सांगितलं असतं. सगळे हसत होते ते घाबरून."

पोहे गार झाले. जाताना ते म्हणाले, हे छापायचं की नाही, तुम्ही सांगाल तसं. कागद माझ्यापाशी ठेवून गेले.

माया हसली नाही. त्याचाच जास्त राग आला.

१७ नोव्हेंबर, सोमवार

राजीनामा लिहायला बसलो. जळजळीत. तिसऱ्या ओळीत अडलो. "मी माझ्या ______ पदाचा राजीनामा देत आहे."

२३ नोव्हेंबर, रविवार

कोर्टात जाणार. ओळखीच्या वकिलाला विचारलं. तो म्हणाला, सही तुमचीच आहे का? मग जाऊ नका.

लेटरहेडं मोजली नाहीत. बंबात घातली. माया म्हणाली, पाणी चांगलं तापलं.

३० नोव्हेंबर, रविवार

ठाम निर्णय. १४ डिसेंबरला इतिहासाचं प्रकाशन. मी जाणार नाही. बहिष्कार. खुर्च्या कोण मांडतं तेच बघतो. लोक उभे राहतील, पाय दुखतील, तेव्हा चाळीस वर्षं कळतील. निमंत्रणपत्रिका आली, फाडली. वेळ पाहायची राहिली म्हणून पुन्हा जुळवली. चार वाजता.

शिवांजलीला एका ओळीचा मेसेज पाठवला : "२०११ छापा. गाळू नका." का पाठवला माहीत नाही. माझी सही आहे तर आहे. माझं अक्षर खोटं ठरवायला मी कुणाला देणार नाही, मलासुद्धा.

कन्नड : दिवस नववा. सलग. रागाने अभ्यास बरा होतो.

१४ डिसेंबर, रविवार. दुपारी १.३०

जात नाही.

१४ डिसेंबर. दुपारी २.१५

फक्त लांबून बघून येतो. मायाने इस्त्रीचा शर्ट काढून ठेवलाय. मी सांगितलं नव्हतं.

१४ डिसेंबर. सायंकाळी ७.३०

पावणेतीनला पोचलो. हॉल उघडा होता. खुर्च्या मांडलेल्या होत्या. सगळ्या. साठ. पुसलेल्यासुद्धा.

दारात उभा राहिलो. काय करावं ते सुचेना. सवयीने अडगळीच्या खोलीत गेलो, तिथे एकही खुर्ची उरलेली नव्हती. बाहेर आलो तर बिरदेव गुरुजी फडकं झटकत होते. जतहून पहाटेच्या गाडीने आलेले. म्हणाले, "या सायेब. तुमी येनार न्हाई म्हनत हुते, म्हून मांडल्या. चुकल्यात का?"

दुसरी रांग तिरकी होती. सरळ केली.

मधल्या खुर्चीवर दस्तगीर सर बसले. मी पहिल्या रांगेत, कडेला. आजच्या इतिवृत्ताची पाळी कन्नडची, पण गुरुजी कविता वाचणार म्हणून ती मराठीला दिलेली, आणि मराठीत अक्षर माझंच चांगलं, म्हणून शिवांजलीने वही माझ्या मांडीवर आणून ठेवली. नको म्हणणार होतो. पण मग कुणीतरी गिचमिड करून ठेवलं असतं.

लिहिलं : "अध्यक्षस्थानी श्री. दस्तगीर मुजावर होते." पेन अडलं. झटकलं. चाललं.

बिरदेव गुरुजींनी कविता वाचली. चाल ओळखीची वाटली. २०१९ला वाचलेली तीच. मी मान हलवायला लागलो आणि थांबलो. नऊ दिवसांच्या अभ्यासात त्यातला एकही शब्द नव्हता. ते शेजारी येऊन बसल्यावर विचारलं, गुरुजी, विषय काय होता? नोंदीला हवाय.

त्यांनी माझ्याकडे बघितलं. "चाळीस वर्सांत पयल्यांदा इचारलंसा."

मी म्हटलं, सांगा लवकर, पुढचा वक्ता उठतोय.

"मालकिनीवर हाय. जाऊन सा वर्सं झाली तिला. भाकरी थापतानाचा आवाज येत न्हाई आता घरात, असं हाय त्यात."

२०१९. खुसखुशीत. मी म्हणालो होतो, माईकवर. आणि सप्टेंबरात पत्र धाडलं, सौ. वहिनींना सप्रेम नमस्कार, त्यांच्या हातची भाकरी. फोनवर गप्प झाले होते, मला वाटलं लाईन गेली. या माणसाने मला काहीच कसं म्हटलं नाही? एक शिवी तरी द्यायची. इतका संताप आला की वहीतली ओळ दिसेना. माझाच आला. लिहून ठेवतो, नाहीतर उद्या दुसऱ्या कुणाच्या नावावर टाकेन.

गुरुजी म्हणाले, "आवं लिवा की. थांबलासा का?"

लिहिलं. "श्री. बिरदेव होनमाने यांनी दिवंगत पत्नीवरील कन्नड कविता वाचली. यापूर्वी ही कविता २०१९ मध्ये वाचली गेली तेव्हा श्री. लालासाहेब खराडे यांनी ती न समजता तिच्यावर शेरा मारला होता." मग उपस्थितांच्या सह्या. माझी तेविसावी. लफ्फा मारायला जागा नव्हती.

इतिहासाचं पुस्तक मिळालं. पान एक्केचाळीस तसंच आहे. २०११ही आहे, सहीसकट.

पुढची सभा ११ जानेवारीला. रिवाजाप्रमाणे हे मला मोठ्याने वाचायचं आहे. भाषांतर करावं लागणार नाही. मराठी त्या सगळ्यांना समजते.